ओरखडलेली गेम डिस्क घासायला घेण्याआधी

गेम मध्येच अडकला, डिस्क काढून बघितली, पाठीवर ओरखडे दिसले, की बहुतेकांचा हात टूथपेस्टकडे जातो. तो तिथेच थांबवा. आधी डिस्क कुठल्या जातीची आहे ते बघा, कारण माहितीचा थर प्लास्टिकखाली किती खोल आहे यावरच ती घासायची की नाही हे ठरतं.

प्लेस्टेशन १ च्या काळ्या पाठीच्या डिस्क या सीडी. प्लेस्टेशन २ च्या निळ्या पाठीच्या डिस्क याही सीडीच, चंदेरी पाठीच्या मात्र डीव्हीडी. एक्सबॉक्स ३६० चे गेम डीव्हीडीवर येत. प्लेस्टेशन ३, ४, ५ आणि एक्सबॉक्स वन यांचे गेम ब्लू-रेवर. सीडी १.२ मिमी जाड असते आणि लेसर ती सगळी जाडी ओलांडून वरच्या अ‍ॅल्युमिनियमच्या पापुद्र्यापर्यंत पोचतो. डीव्हीडी म्हणजे ०.६ मिमीच्या दोन चकत्या एकमेकींना चिकटवलेल्या, माहिती मधोमध. ब्लू-रेमध्ये माहिती पाठीपासून फक्त ०.१ मिमी आत असते. म्हणून त्या डिस्कच्या पाठीवर कारखान्यातच एक कडक थर चढवलेला असतो, आणि तुम्ही पॉलिश करता तेव्हा पहिल्यांदा तोच थर निघून जातो.

म्हणून ब्लू-रे फक्त धुवायची. घासायची कधीच नाही, मशीनवरही नाही.

सीडीच्या बाबतीत लोक नेमकी चुकीची बाजू जपतात. पाठीवरचा चरा घासून काढता येतो, कारण तिथे घासायला प्लास्टिक आहे. छापील बाजूला अ‍ॅल्युमिनियमवर नुसता वार्निशचा पातळ हात असतो. सीडी बल्बसमोर धरा. छपाईतून टाचणीच्या टोकाएवढे उजेडाचे ठिपके दिसले तर तिथली माहिती गेली, तिला उपाय नाही. जुनी सीडी विकत घेताना ही चाचणी दुकानातच करावी.

आता धुणं. बऱ्याचशा ‘खराब’ डिस्क नुसत्या मळलेल्या असतात: बोटांचे ठसे, तेल, आपल्या गोव्यातली तांबडी धूळ. कोमट पाण्यात भांड्याच्या लिक्विड साबणाचा एक थेंब टाका आणि बोटांच्या पेरांनी हलक्या हाताने मध्यापासून कडेकडे सरळ पुसत जा. गोल गोल नाही. माहिती गोलाकार वाटेने लिहिलेली असते. आडवा चरा ती वाट क्षणभर ओलांडून जातो आणि तेवढी चूक ड्राइव्ह, म्हणजे कन्सोलमधला डिस्क वाचणारा भाग, सुधारून घेतो. गोल चरा मात्र वाटेसोबतच चालत राहतो, सलग मजकूर पुसतो, आणि तिथे दुरुस्तीचं गणित हरतं. किनाऱ्याजवळच्या विहिरीचं किंवा बोअरचं पाणी असेल तर शेवटचा हात बॅटरीत घालायच्या डिस्टिल्ड पाण्याचा मारा, नाहीतर वाळल्यावर क्षारांचे डाग उरतात. पुसायला मायक्रोफायबर किंवा बरेच वेळा धुतलेलं सुती कापड घ्या. टिश्यू पेपर नको. सॅनिटायझर नको, त्यातलं ग्लिसरीन चिकट थर सोडतं. थिनर, अ‍ॅसिटोन, पेट्रोल यांनी पॉलिकार्बोनेट, म्हणजे डिस्कचं प्लास्टिक, पांढरं पडतं किंवा त्याला बारीक तडे जातात. चिकट डागाला आयसोप्रोपिल अल्कोहोल चालतं.

धुऊनही डिस्क चालत नसेल तर दुसरी, चांगली डिस्क लावून बघा. तीही अडखळली तर दोष बहुधा ड्राइव्हमधल्या लेन्सचा. पावसाळ्यात आणखी एक गोष्ट होते: एसीच्या गार खोलीतून कन्सोल दमट हॉलमध्ये आणला की लेन्सवर वाफ धरते. तासभर तसाच ठेवा, मग चालू करा.

खरोखर चराच असेल तर त्यावरून नख आडवं फिरवा. नख घसरून गेलं तर हाताने पॉलिश करून काम होईल. नख अडकलं तर चरा खोल आहे.

पॉलिशसाठी गाडीच्या हेडलाइटचं प्लास्टिक पॉलिश घ्या. हेडलाइटची काचही पॉलिकार्बोनेटचीच असते, त्यामुळे त्यातले कण या कामाला योग्य बारकाईचे असतात. टूथपेस्टमधले कण दात घासण्यासाठी बनवलेले. ते जुना चरा बोथट करतात खरे, पण भोवती धुरकट जाळी सोडतात. टेबलावर मऊ कापड पसरा, त्यावर डिस्क पाठ वर करून ठेवा. मटारच्या दाण्याएवढं पॉलिश मायक्रोफायबरवर घ्या. मध्यापासून कडेपर्यंत सरळ हात मारा, एका जागी पंधरा-वीस, मग डिस्क थोडी फिरवून पुढची जागा. पूर्ण डिस्कला दहा मिनिटं लागतात. फक्त चऱ्यावरच घासत बसलात तर तिथे खळगा पडतो आणि त्यातून लेसर वाकडा जातो, म्हणून आजूबाजूचाही भाग घ्या. धुवा, वाळवा, चालवून बघा. चरा दिसेनासा होण्याची वाट बघू नका. त्याच्या धारदार कडा गोल झाल्या की बरेचदा डिस्क वाचली जाते. तीन फेऱ्यांनंतरही फरक नसेल तर थांबा.

नख अडकणाऱ्या चऱ्याला पॉलिश पेपर लागतो: आधी २००० नंबर, मग ३०००, दोन्ही पाण्यात भिजवून, आणि शेवटी वर सांगितलेलं पॉलिश. हे फक्त अशा सीडी-डीव्हीडीवर करा जी एरवी फेकूनच द्यायची आहे. ड्रिलला बफ लावून घाई करू नका, घर्षणाच्या उष्णतेने प्लास्टिक धुरकटतं. मधल्या भोकाजवळ तडा असेल तर दुरुस्तीचा विचार सोडा आणि ती डिस्क चालवूही नका. वेगात फिरताना ती फुटली तर तुकडे ड्राइव्हमध्ये जातात.

एकच, अगदी गोल, कंपासने काढल्यासारखा चरा दिसला तर तो हाताळण्यातून आलेला नाही. डिस्क फिरत असताना कन्सोल हलवला किंवा आडव्याचा उभा केला की आतला भाग डिस्कला टेकतो आणि असा चरा पडतो. बंद केल्याशिवाय कन्सोलला हात लावायचा नाही हे घरातल्या मुलांना नीट समजावून सांगा.

प्लेस्टेशन ४ आणि ५ चा गेम डिस्कवरून कन्सोलमध्ये कॉपी होतो आणि नंतर डिस्क मुख्यतः ओळख पटवण्यापुरती लागते. म्हणून चरे पडलेली ब्लू-रे कॉपी होतानाच अडते. धुऊन एकदा कॉपी पूर्ण झाली, तर तो गेम काढून टाकू नका.

साठवणीत गोव्याची हवा सोपी नाही. जून ते सप्टेंबर दमटपणा, किनाऱ्याला खारा वारा. सीडीच्या कडेला वार्निश उचकटलं असेल तर ओल आत शिरते आणि अ‍ॅल्युमिनियम काळवंडतं. डबीतल्या छापील कागदावर बुरशी आधी दिसते, म्हणून कागद काढून वेगळ्या पिशवीत ठेवा. डिस्क मूळ डबीतच, उभी. मऊ प्लास्टिकच्या पाकिटात नको, दमटपणात ते पाठीला चिकटतं. सगळ्या डब्या झाकण घट्ट बसणाऱ्या डब्यात घालून सिलिका जेलच्या पुड्या टाका. रंग बदलणारं जेल घेतलंत तर ते कधी वाळवायचं ते कळतं. मिरामारच्या किंवा कळंगुटच्या किनाऱ्यावर जाऊन आल्यावर हात धुतल्याशिवाय डिस्क हातात घेऊ नका. वाळूचा एक कण पॉलिकार्बोनेटपेक्षा कितीतरी कठीण असतो आणि कापडात अडकला की पुसताना तोच चरे पाडतो. डबीतून काढताना मधलं बटण दाबा, कड धरून वाकवू नका.