तुम्ही विचारलंत म्हणून: 'ते जुने मुके काउबॉयपट अजून कशाला बघता?'

बघतो. तुमचा पुढचा प्रश्नही ठाऊक आहे: 'सगळं खोटंच ना ते?'

खोटं आहे, मान्य. 'द ग्रेट ट्रेन रॉबरी' १९०३ची. दरोडा अमेरिकेच्या पश्चिमेतला, चित्रीकरण पार पूर्वेला न्यू जर्सीत. एवढ्यावर विषय संपत असेल तर माझी हरकत नाही. वैताग येतो तो दुसऱ्या मंडळींचा. 'काळ जवळचा, म्हणजे निदान माणसं तरी खरी असतील?' होती ना! १९०८ साली ओक्लाहोमात बँक लुटण्याचा एक पट निघाला. त्यात दरोडेखोर झालेला अल जेनिंग्ज खरोखरच्या दरोड्यापायी तुरुंगात जाऊन आलेला, आणि दिग्दर्शक बिल टिल्घमन खराखुरा मार्शल, म्हणजे दरोडेखोर पकडणारा सरकारी अधिकारी.

खऱ्या माणसांपाशीच तर माझं घोडं अडतं.

२९ डिसेंबर १८९०. साउथ डकोटात वुंडेड नी ओढ्याकाठी अमेरिकी घोडदळाने लाकोटा या मूळ अमेरिकी जमातीच्या तळावर बंदुका आणि तोफा चालवल्या. बायका, पोरं, म्हातारे, कुणाचीच गय केली नाही. गोठलेली १४६ प्रेतं एकाच खड्ड्यात पुरली. १९१३मध्ये 'वाइल्ड वेस्ट'चे खेळ करणारा बफेलो बिल कोडी त्याच हत्याकांडाचा सिनेमा काढायला त्याच जागी कॅमेरे घेऊन आला. सोबत निवृत्त जनरल माइल्स, लष्कराने दिलेले घोडेस्वार, आणि मरायला पुन्हा लाकोटाच. त्यातले काही तर त्या दिवशी वाचलेले. कुणीतरी त्यांना 'आता पडा' म्हणून सांगितलं असेल. रोज किती ठरला असेल? आणि पडल्या पडल्या, कॅमेरा थांबेपर्यंत, तो खड्डा कुठल्या बाजूला आहे हे त्यांना कुणी सांगायला नको होतं. त्या सिनेमाचे आज जेमतेम तुकडे उरलेत. खरं सांगू? अख्खा सापडला तर मी बघेन. लाज वाटेल, तरी बघेन.

पंचविशीतला मी ठणकावून सांगायचो, पडदा वेगळा, इतिहास वेगळा. त्याला म्हणतो, बाबा रे, इथे दोन्हींची जमीन एकच होती. तो लगेच 'द डॉटर ऑफ डॉन' पुढे करतो. १९२०चा पट, कलाकार सगळे कायोवा आणि कोमांची या मूळ अमेरिकी जमातींचे, कपडे-तंबू घरचेच. बरोबर आहे त्याचं. एका मुलीवरून दोघांची चुरस, गोष्ट बेतास बात. पण माझी नजर गोष्टीवर नसतेच, तंबूंवर आणि अंगावरच्या कपड्यांवर असते. रिळं एका खाजगी गुप्तहेराला फीच्या बदल्यात मिळाली, म्हणून हा पट आज बघता तरी येतो.

मग कोडीच्या सिनेमातही मी नुसते कपडे बघत बसेन? तो म्हणतो, का नाही? मला ते जमेलसं वाटत नाही. आणि तो काही ऐकत नाही.