परिशिष्टावर नाव चढेपर्यंत

आमच्या गावच्या भैरवनाथ देवस्थानाच्या खात्यात चार लाख अकरा हजार रुपये होते आणि गुरवाचं मानधन थकलेलं होतं. अध्यक्ष आणि खजिनदार, दोघेही एकाच वर्षात गेले. बँकेने सांगितलं, परिशिष्ट-१ वर नव्या विश्वस्तांची नावं दाखवा, मग सह्या बदलू.

परिशिष्ट-१ म्हणजे धर्मादाय कार्यालयाच्या नोंदवहीचा उतारा. जमिनीला सातबारा, तसा ट्रस्टला हा. आपल्याकडे १९५० चा सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था कायदा देवळालाही लागतो, अग्यारीलाही आणि शाळा चालवणाऱ्या संस्थेलाही. (वक्फची नोंद मात्र आता वक्फ मंडळाकडे असते.) विश्वस्त बदलले की ९० दिवसांत कलम २२ खाली बदल अर्ज द्यायचा. ग्रामसभा, निवड, वकीलपत्र, अर्ज, सगळं आम्ही पंधरा दिवसांत उरकलं.

अडलं ते टेबलावर. धर्मादाय कार्यालयातल्या बाईंनी नोंदवही काढली, पान उलटलं आणि म्हणाल्या, "यात शेवटची नावं १९९४ ची आहेत. मधल्या बदलांचं काय?"

मध्ये तीनदा निवड झाली होती. गावाने एकमताने माणसं निवडली, यात्रा केल्या, शिखराला रंग दिला. पण अर्ज एकदाही कुणी दिला नाही. तेव्हा बँक नुसत्या ठरावावर सही बदलायची, त्यामुळे कुणाचं काही अडलं नाही. कागदावर मात्र आमचे विश्वस्त म्हणजे वारलेले सात जण आणि ऐंशीच्या पुढचे दोन.

एकाचे चार अर्ज झाले. मागच्या तिन्हींना विलंब माफीचा वेगळा अर्ज. सात मृत्यू दाखले. त्यातले एक काका परळला वारले, त्यांच्या मुलाने महापालिकेतून दाखला काढून पाठवेपर्यंत दीड महिना गेला. हयात असलेल्या दोघांची ना हरकत शपथपत्रं. आणि प्रत्येक निवडीचा ठराव.

२००३ चं प्रोसिडिंग बुक माजी सचिवांच्या माळ्यावर ट्रंकेत सापडलं. कडा कसरीने खाल्लेल्या. ठरावाखाली सतरा सह्या आणि शेवटी जांभळ्या शाईत एक अंगठा, पुढे लिहिलेलं 'नि. डा. आं.', म्हणजे निशाणी डावा आंगठा, आणि माझ्या आजोबांचं नाव. ते पान झेरॉक्सवाल्याच्या हातात द्यायला मन होईना, मीच काचेवर धरलं.

तुम्ही या फेऱ्यात असाल तर मूळ पुस्तक कार्यालयात सोडू नका. दाखवा, खरी प्रत जोडा, परत घ्या.

त्यानंतर चौदा महिने आणि अकरा तारखा. कधी साहेबांकडे दोन जिल्ह्यांचा कार्यभार, कधी फाइल निरीक्षकाकडे, कधी हरकतीची नोटीस काढायचीच राहिलेली. साडेपाचच्या एसटीने सत्तर किलोमीटर जायचं आणि दारावर कागद चिकटवलेला, आज सुनावणी नाही. आम्हाला ९० दिवसांची मुदत, एक दिवस चुकला तर माफीचा अर्ज. आमचा अर्ज चौदा महिने पडून राहिला, त्याची माफी कुणी मागितली नाही. हा राग माझा अजून गेलेला नाही.

कायद्यावर राग नाही. १९५४ मध्येच जैन आणि पारशी विश्वस्त याच कायद्याविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात गेले होते. न्यायालयाने काही कलमं रद्द केली, पण धर्माचा आचार ज्याचा त्याने ठरवावा आणि मालमत्तेचा कारभार कायद्याने चालावा, ही रेघ कायम ठेवली. मला ती पटते. नारळ कसा फोडायचा हे आम्हाला आजवर कुणी विचारलं नाही. पैशाचा हिशेब विचारतात, आणि तो पैसा गावाचाच आहे.

बाकावर एका चर्च कमिटीचे सेक्रेटरी नेहमी भेटत. तोच फॉर्म, तेच कलम. त्यांचे कागद वेळच्या वेळी दिलेले, पण एका सभासदाची हरकत आली आणि साक्षीपुरावे सुरू झाले. पाचवं वर्ष चालू होतं. "तुमच्यात भांडण नाही ना? मग सुटाल," म्हणाले. बैठकीच्या नोटिशीवर प्रत्येकाची पोहोच सही घ्या, हे त्यांनीच शिकवलं. आमच्याकडे फक्त शेवटच्या निवडीची पोहोच होती.

आणखी एक आठवलं. प्रत्येक तारखेला रोजनामा, म्हणजे त्या दिवशीच्या कामकाजाची नोंद, वाचून घ्या. आठव्या तारखेला आम्ही हजर असून गैरहजर लिहिलं होतं; तिथल्या तिथे दुरुस्त करून घेतलं. ऑडिट रिपोर्टही आधीच भरून ठेवा, निरीक्षक पहिल्यांदा तेच विचारतात.

बाराव्या तारखेला आदेश झाला. नक्कल मिळायला आणखी एकोणीस दिवस. शिक्का मारलेला उतारा घेऊन मी बँकेत गेलो, नमुना सह्या दिल्या. आठवड्याने चेकबुक आलं आणि पहिला चेक गुरवाच्या नावाचा लिहिला. तोपर्यंत त्याचे तेवीस महिने झाले होते आणि या सगळ्या काळात सकाळची पूजा एकदाही चुकली नव्हती.