पान दोन

काल इंदुरात रामबागेत आमच्या संस्थेचे कलेक्शनवाले दादा भेटले, स्कूटर थांबवून "काय ताई, आईचे गुडघे कसे आहेत आता" असं विचारून गेले, आणि मी घरी येऊन बराच वेळ नुसती बसून राहिले. या माणसाला नोकरीतून काढायच्या प्रस्तावावर माझी सही आहे.

आमची साख सहकारी संस्था, महाराष्ट्रात पतसंस्था म्हणतात तीच. मी तेव्हा संचालक मंडळावर होते. दादा रोज संध्याकाळी दुकानादुकानातून दैनिक बचत गोळा करायचे. ऑडिटमध्ये निघालं की पाच खात्यांच्या पासबुकात एंट्री आहे पण लेजरमध्ये पैसे नाहीत, सगळे मिळून ३१ हजारांच्या आसपास. अध्यक्षांनी मीटिंग बोलावली, मॅनेजरने जांच रिपोर्ट, म्हणजे चौकशीचा अहवाल, वाचून दाखवला आणि पाऊण तासात सेवा समाप्त. कारण बताओ नोटीस दिली होती, तिचं उत्तरही फाईलमध्ये होतं, पण ते कोणी वाचलं नाही, मीही नाही. पासबुक समोर आहे, अजून काय विचारायचं असंच वाटलं मला.

आणि जांच अधिकारी कोण, तर ज्याने गडबड पकडली तोच मॅनेजर! एकाही दुकानदाराला साक्षीला बोलावलं नाही, रिपोर्टची कॉपी दादांना दिली नाही, आणि सस्पेंड असताना जीवन निर्वाह भत्तासुद्धा दिला नाही. हे शेवटचं मला सगळ्यात जास्त लागतं. मागे आपल्याच मध्य प्रदेशातल्या एका फॉरेस्ट रेंजरची केस झाली होती, जांच होती दूर जगदलपूरला आणि भत्ता वेळेवर न मिळाल्याने तो जाऊच शकला नाही, तर सुप्रीम कोर्टाने १९७३ साली म्हटलं की त्याला बाजू मांडायची संधीच मिळाली नाही. आम्ही तर इंदुरातल्या इंदुरात, महिन्याच्या किराण्याला पैसे नसलेल्या माणसाकडून वकिली उत्तरं मागत होतो.

लोक विचारतात दादा लेबर कोर्टात का नाही गेले. आमच्या इथे सहकारी संस्थेच्या कर्मचाऱ्याचा रस्ता राज्याच्या सहकारी कायद्याच्या कलम ५५ मधून जातो, राज्याच्याच मार्केटिंग फेडरेशनच्या केसमध्ये १९९७ ला सुप्रीम कोर्टाने तसं सांगितलंय. रजिस्ट्रार किंवा त्यांनी नेमलेला अधिकारी वाद ऐकतो, पण आदेशापासून ३० दिवसांत जावं लागतं, आणि किती जणांचा हा वेळ अध्यक्षांच्या घरी चकरा मारण्यातच जातो. दादा अठ्ठाविसाव्या दिवशी पोचले.

तिथे आमचं काहीच टिकलं नाही. जांच करणारा एक आणि शिक्षा देणारे दुसरे असतील तर दोषी ठरवायच्या आधी रिपोर्ट कर्मचाऱ्याच्या हातात द्यावा लागतो, हे १९९३ च्या ईसीआयएल या सरकारी कंपनीच्या केसमध्ये सुप्रीम कोर्टाच्या घटनापीठाने सांगून ठेवलंय, आणि ते फक्त सरकारी नोकरांसाठी नाही, खाजगी-सरकारी सगळ्यांसाठी. नुसता कागद फाईलला लावला म्हणजे आरोप सिद्ध होत नाही, कोणीतरी येऊन तो सिद्ध करावा लागतो, हेही मला तेव्हाच कळलं.

अध्यक्ष म्हणाले हायकोर्टात जाऊ, एमजी रोडवर तर आहे. आमचे वकील शांत माणूस, त्यांनी समजावलं की तिथे पुरावा पुन्हा तोलून बघत नाहीत, निर्णय कसा घेतला ते बघतात, नियम पाळले का, ऐकून घेतलं का, आणि तुमचं तर तेच कच्चं आहे. मग कोणी बोललं नाही.

आदेश रद्द झाला, पण दादा निर्दोष सुटले असं नाही, आरोपपत्रापासून नवीन जांच झाली, यावेळी बाहेरचा अधिकारी नेमला. मी मुद्दाम दोन्ही दिवस जाऊन बसले. तीन दुकानदारांनी सांगितलं की पैसे आम्हीच घरच्यांच्या खात्यात टाकायला सांगितले होते, आणि लेजरमध्ये ते तिथे सापडलेसुद्धा. चौथ्याची स्लिप कॅशियरकडेच पडून होती. पाचव्या खात्याचे पैसे मात्र दादांनी अकरा दिवस स्वतःकडे ठेवले होते, मुलीची फी भरायची होती, त्यांनी ते स्वतःच कबूल केलं. दोन इन्क्रिमेंट थांबवले आणि कामावर परत घेतलं. मला ही शिक्षा बरोबर वाटते, चूक होती तेवढीच.

नंतर मी ऑफिसात बसून त्यांचं पहिलं उत्तर वाचायला मागितलं. तीन दुकानदारांची नावं, कोणाचे पैसे कोणाच्या खात्यात, आणि फीची गोष्टसुद्धा, सगळं पान दोनवर हाताने लिहिलेलं होतं.