तुम्ही विचारलंत म्हणून: आवडता नट कोण?

आवडता नट कोण, हा प्रश्न मला दर गेट-टुगेदरला येतो आणि मी योझेफ क्रोनर म्हटलं की समोरचा "कोण?" म्हणतो, मग विषय जेवणावर जातो. यावेळी तुम्ही "का पण?" विचारलंत, म्हणून लिहितोय.

क्रोनर स्लोव्हाकियाचा, जन्म 1924, स्ताश्कोव गावचा. हौशी नाटकं करत करत आधी मार्टिन शहराच्या थिएटरात, मग 1956 पासून ब्रातिस्लाव्हाच्या नॅशनल थिएटरात. चेहरा असा की रेशनच्या लायनीत तुमच्या पुढे उभा असला तरी घरी येईपर्यंत विसराल.

आणि त्याच चेहऱ्यावर 1965 चा 'द शॉप ऑन मेन स्ट्रीट' हा पिक्चर उभा आहे. साल 1942, सरकार हिटलरधार्जिणं, ज्यूंची दुकानं काढून 'आर्यां'ना द्यायचं चाललंय. टोनो सुताराला (हाच आपला क्रोनर) साडवाच्या कृपेने एका ज्यू म्हातारीचं बटणांचं दुकान मिळतं. हा मालक म्हणून रुबाबात कागद घेऊन जातो, तर तिला ऐकूच येत नाही, ती समजते नवा मदतनीस आला! आणि दुकानात आहे काय, तर रिकामी खोकी. शेवटी हाच तिचं फर्निचर दुरुस्त करत बसतो. हसता हो तुम्ही, चांगले खळखळून हसता.

मग ज्यूंना गावातून न्यायचा दिवस येतो. बाहेर चौकात लाऊडस्पीकरवर एकेक नाव पुकारतायत, आत हा दारू पिऊन दाराच्या फटीतून बघतोय, एका मिनिटाला तिला लपवायला निघतो, दुसऱ्या मिनिटाला स्वतःची कातडी वाचवायला बाहेर ढकलायला. मघाशी ज्या धांदरटपणाला हसलो तोच हा धांदरटपणा, चालणंही तेच, फक्त आता घशाखाली आवंढा उतरत नाही. हे कसं केलं त्याने, मला चार वेळा बघूनही कळलेलं नाही.

पिक्चरला ऑस्कर मिळालं, म्हातारीचं काम करणाऱ्या इडा कामिन्स्काला नॉमिनेशन, क्रोनरला नाही (मला अजून राग आहे). कान फिल्म फेस्टिव्हलमध्ये मात्र दोघांचाही खास उल्लेख झाला होता.

नुसती धमाल हवी तर 1975 चा 'पाखो' बघा, दरोडेखोरांच्या लोककथांची टर उडवलीये. पण आधी 'शॉप'. फक्त रविवारी रात्री लावू नका, सोमवारी ऑफिस असतं.