मेलोसनंतरचं पान

पदव्युत्तर वर्गाला आंतरराष्ट्रीय राजकारण शिकवतो. वास्तववादावर, म्हणजे राष्ट्रं सत्ता आणि स्वतःचं हित पाहूनच वागतात या विचारपंथावर, प्रश्न आला की निम्म्या उत्तरपत्रिका 'बळी तो कान पिळी'ने सुरू होतात आणि तिथेच संपतात. जोडीला प्राचीन ग्रीक इतिहासकार थ्युसिडिडीजचं ते वाक्य: बलवान जमेल ते करतात, दुबळे सोसावं लागेल ते सोसतात. गुण द्यावेच लागतात, पण जीव वैतागतो.

मुळात ते वाक्य त्याने अथेन्सच्या दूतांच्या तोंडी घातलंय. इ. स. पू. 416. मेलोस हे छोटंसं बेट, स्पार्टाशी जुनं नातं असलेलं, अथेन्स-स्पार्टा युद्धात तटस्थ राहू पाहणारं. दूत बजावतात, न्यायाच्या गप्पा बरोबरीच्यांत. तुम्ही शरण या. बेटावरचे म्हणतात, देव आहेत, स्पार्टा धावून येईल. स्पार्टा येत नाही. वेढा पडतो, पुरुषांची कत्तल होते, बायकामुलं गुलाम म्हणून विकली जातात. विद्यार्थी इथे पुस्तक मिटतात. पान उलटावं तर तेच अथेन्स सिसिली जिंकायला निघालेलं असतं! 'आशेवर विसंबू नका' असं मेलोसला सुनावणारे स्वतः आशेवरच गलबतं हाकारतात आणि 413 मध्ये आरमार, फौज सगळं गमावून बसतात. मला वास्तववाद दिसतो तो या पुढच्या पानांत.

विसाव्या शतकातही तेच. हान्स मॉर्गेंथाऊ हे नाझी जर्मनीमुळे देशोधडीला लागलेले ज्यू अभ्यासक. सत्ता आणि राष्ट्रहित हा त्यांचा जप. तरी व्हिएतनाम युद्धाला त्यांनी उघड विरोध केला. 1965 मध्ये राष्ट्राध्यक्षांचे सुरक्षा सल्लागार मॅकजॉर्ज बंडी यांच्याशी टीव्हीवर वाद घातला. अमेरिकेचं हित तिथे अडकलेलंच नाही, असा त्यांचा रोकडा हिशेब होता. सप्टेंबर 2002 मध्ये 33 अभ्यासकांनी पदरमोड करून न्यूयॉर्क टाइम्समध्ये जाहिरात दिली: इराकशी युद्ध अमेरिकेच्या हिताचं नाही. त्यांत वास्तववादी पंथाचे केनेथ वॉल्ट्झ होते, जॉन मियरशायमर होते. मार्च 2003 मध्ये युद्ध झालंच. (सल्ला द्यावा आणि तो कुणी ऐकू नये, हे या पंथाचं नशीबच दिसतंय.)

वॉल्ट्झ यांनी 1979 मध्ये मांडलेली चौकट तर आणखी कोरडी. राष्ट्रांच्या डोक्यावर पोलीस नाही, म्हणून ज्याने त्याने आपलं बघावं. शेजाऱ्याने निव्वळ बचावासाठी तोफा घेतल्या तरी त्या आपल्यावरच रोखल्यासारख्या वाटतात. मग आपण घेतो, ते पाहून तो आणखी घेतो, आणि दोघांचीही झोप उडते. यात कुणी दुष्ट असावंच लागत नाही.

पण याच चौकटीत 1989 नीट बसत नाही. हंगेरीत 1956 मध्ये आणि चेकोस्लोव्हाकियात 1968 मध्ये मॉस्कोने रणगाडे घातले होते. 1989 मध्ये अख्खा पूर्व युरोप हातातून निसटत होता, अण्वस्त्रं जागेवर होती, फौजही होती, आणि रणगाडे हलले नाहीत. अर्थव्यवस्था खंगली होती, असं वास्तववादी म्हणतात. खंगली होतीच. पण खंगलेलं साम्राज्य बिथरूही शकतं; ते का बिथरलं नाही, हे सांगायला सोव्हिएत नेते गोर्बाचेव्ह या माणसाकडे बघावं लागतं, आणि वॉल्ट्झ यांच्या चौकटीत माणसाला जागा नाही. मॉर्गेंथाऊ मात्र विवेकाला राजकारणातला सर्वोच्च गुण मानायचे. वर्गात 1989 आलं की मी वॉल्ट्झना बाजूला ठेवून मॉर्गेंथाऊंकडे वळतो.