भूमापन क्रमांक 'ब'

त्या दिवशी माझ्या पिशवीत वाड्याचे ४२ फोटो होते, मोजून काढलेला नकाशा होता, दाराच्या चौकटीचं पेन्सिलनं केलेलं रेखाटनही होतं. चुकलं होतं फक्त एक अक्षर.

मी सोलापुरात आर्किटेक्ट आहे आणि आमचा सहा-सात जणांचा वारसा गट आहे. शहराच्या प्रारूप विकास आराखड्यात पेठेतला एक रस्ता ९ मीटर दाखवला होता. प्रत्यक्षात तो जेमतेम ५ भरतो. नवी रेषा एका जुन्या वाड्याची ओसरी कापून जात होती. १९६६ च्या नगररचना कायद्यानं आराखडा प्रसिद्ध झाल्यावर ३० दिवसांत कोणीही लेखी हरकत देऊ शकतं, घर आपलं असावं लागत नाही. आमच्यासारख्यांना आत शिरायला हेच मोठं दार. मत नाही, नकाराधिकार नाही; फक्त म्हणणं मांडायचं आणि समितीनं ते ऐकायचं.

आम्हीही हरकत दिली होती; सुनावणीत दुपारी साडेतीनला नंबर लागला. मी जोतं, तुळया, कडीपाट सुरू केलं, तोच समितीतल्या एका निवृत्त नगररचनाकारांनी हात वर केला.

"आधी भूमापन क्रमांक वाचा."

वाचला.

"हे तर शेजारचं पत्र्याचं गोडाऊन आहे हो."

वाटणीत मिळकतीचे 'अ' आणि 'ब' झाले होते. वाडा 'अ', मी लिहिला होता 'ब'. पक्षकारांना उतारा नीट बघा म्हणून सांगणारा मी! साहेबांनी जागेवरच दुरुस्ती करून घेतली, हा त्यांचा मोठेपणा. नाहीतर आम्ही त्या दिवशी गोडाऊन वाचवून घरी आलो असतो.

पण खरा धक्का पुढे होता. त्याच रस्त्यावर दुसराही अर्ज होता, वाड्याच्या मालकीणबाईंच्या मुलाचा. त्याचं म्हणणं, रस्ता ९ मीटरच ठेवा. कारण उघड आहे: रस्ता रुंद झाला की एफएसआय, म्हणजे जागेच्या मानानं किती बांधता येतं ते प्रमाण, वाढतो, वर मजले चढवता येतात.

"साहेब, हे लोक फोटो काढायला येतेत," तो म्हणाला. "पावसाळ्यात पातेली ठेवायला कोण येत नाही."

खोलीत हशा पिकला. मी खाली बघत होतो. मग सावरून वारसा टीडीआरचं सांगितलं: वारसा यादीतल्या इमारतीला न वापरलेल्या एफएसआयच्या बदल्यात टीडीआर, म्हणजे तेवढं बांधकाम दुसरीकडे करायचा हक्क, मिळू शकतो, तो विकता येतो.

"वाडा यादीत आहे का?"

"अजून नाही."

"मग?"

किल्ल्याचं बरं आहे. आपला भुईकोट किल्ला केंद्राच्या पुरातत्त्व खात्याकडे. हद्दीपासून १०० मीटर बांधकामाला बंदी, त्यापुढचे २०० मीटर परवानगीशिवाय काही नाही. तिथं कायदाच बोलतो. पेठेतल्या वाड्याच्या बाजूनं बोलायला आम्हीच, तेही चुकीचा क्रमांक घेऊन. शहरातल्या कापडगिरण्या गेल्या तेव्हा तर तेवढंही कोणी बोललं नाही. १८७७ ची जुनी मिल आता रिक्षावाल्याला पत्ता सांगण्यापुरती उरलीय.

समितीनं दोघांचं लिहून घेतलं. ती फक्त शिफारस करते, पुढचा प्रवास लांबचा.

जिन्यात तो पोरगा थांबला होता. भांडेल असं वाटलं. म्हणाला, "चला, चहा घेऊ. आईनं बोलावलंय."

आक्का ओसरीतच बसल्या होत्या. "बर्री," म्हणाल्या, कानडीत 'या', आणि माझ्या हातातल्या नकाशाकडे न बघता वर बोट केलं. पांढऱ्या मातीचं माळवद, म्हणजे सपाट छत, सवण्याभोवती, उजेडासाठी ठेवलेल्या भोकाभोवती, खचलं होतं, खालची कडी काळी पडली होती. माझ्या ४२ फोटोंत हा कोपरा नव्हता. बहुतेक अंधार होता म्हणून सोडला असणार.

"किती खर्च येईल हो?" त्यांनी विचारलं.

एवढी पत्रं लिहिली आम्ही, हा हिशेब एकदाही केला नव्हता. मी टेप काढली. दुसरं टोक धरायला पोरगाच उठला.

"किती?"

"२२ फूट बाय १४."

"लिहा," तो म्हणाला. "आणि क्रमांक 'अ' लिहा बरं."