तीस तोंडं, तीस बोरं

क्लायंटची मागणी एवढीच होती: वाळवंट, दुष्काळ आणि शेवटपर्यंत टिकणारी भुकेची धास्ती. डन्जन्स अँड ड्रॅगन्स या फासे टाकून पात्रं वठवायच्या खेळाच्या २०१४ च्या नियमांवर बेतलेलं त्यांचं साहस, म्हणजे खेळायची गोष्ट, छापायला जाण्याआधी खेळून बघायचं आणि कुठे फाटतंय ते कळवायचं, हे आमचं काम. त्या शनिवारी डीएम, म्हणजे गोष्ट चालवणारा पंच, मी होतो.

फाटलं पहिल्याच मुक्कामाला. लेखकाने शिध्याचा तक्ता मन लावून केला होता. माणशी रोज एक पौंड अन्न. उपाशी राहण्याची मुभा तीन दिवस अधिक कॉन्स्टिट्यूशनचा (पात्राच्या काटकपणाचा) मॉडिफायर. पुढे रोज थकव्याची एक पायरी, सहावीला मरण. ड्रुइड, म्हणजे निसर्गाच्या मंत्रांचं पात्र, खेळणाऱ्या टेस्टरने 'गुडबेरी' टाकला. पहिल्या पातळीचा साधा मंत्र: दहा बोरं, एक खाल्लं की दिवसभराचं पोट भरलं. खाणारे चौघे. तक्ता गेला केराच्या टोपलीत.

यावर बरेच डीएम एक उपाय करतात. मंत्राला बांडगुळाची काडी लागते, तेव्हा 'वाळवंटात बांडगूळ कुठलं?' म्हणून अडवायचं. मला तो रडीचा डाव वाटतो.

पुढच्या पानावर निर्वासितांचा तांडा होता. सव्वीस माणसं, नुसती देखाव्यापुरती. वाट विचारायची आणि पुढे जायचं. आमची ड्रुइड थांबली. ती माण तालुक्यातली, बहात्तरच्या दुष्काळातल्या सुकडीच्या रांगा आजीकडून ऐकत वाढलेली. तिने एवढंच विचारलं, "यांनी शेवटचं कधी खाल्लंय?"

मी म्हटलं, "परवा."

मंत्रांसारखी पात्रांनाही पातळी असते, ती अनुभवाने चढते. दुसऱ्या पातळीच्या ड्रुइडला रोज तीन स्लॉट, म्हणजे तीनदा मंत्र टाकायची मुभा. तीन स्लॉट म्हणजे तीस बोरं. सव्वीस अधिक खेळाडूंची चार पात्रं, बरोब्बर तीस. मग कोणीतरी पाणी काढलं. पाण्याचा मंत्रही त्याच स्लॉटातून जातो, दहा गॅलन मिळतं, आणि कडक उन्हात माणशी दोन गॅलन लागतं. म्हणजे एका स्लॉटात पाच जण. अर्ध्यावर भागवलं तर दहा, पण मग प्रत्येकाला पंधराची सेव्ह, म्हणजे फासा टाकून पंधरा गाठायचे, नाहीतर थकवा. बोरं साठवावीत, तर चोवीस तासांत त्यांचा गुण जातो.

तिने कॅरेक्टर शीट उलटी करून मागे तीन रकाने आखले: पोरं, म्हातारे, चालू शकणारे. फायटर म्हणाला, "आधी आपण चौघं खाऊ. रात्री हल्ला झाला तर लढणार कोण?" ती म्हणाली, "मग रात्री तू त्या पोरांच्या शेजारी झोप." 'रोग' म्हणजे चोराचं पात्र खेळणारा एरवी बोलघेवडा, तो निमूटपणे पखाली मोजायला लागला. अर्धं बोर चालेल का, यावर नियमपुस्तक चाळून झालं. मी नाही म्हणालो. तासभर एकही फासा पडला नाही आणि कोणी मोबाइलही काढला नाही. माझ्या धंद्यात हे क्वचित घडतं.

शेवटाकडे लेखकाने सुटका ठेवली होती 'प्लांट ग्रोथ'ची. आठ तास मंत्र चालवला की अर्ध्या मैलाच्या त्रिज्येतली, म्हणजे सुमारे पाचशे एकर जमीन वर्षभर दुप्पट पिकते. ती म्हणाली, "पेरलंय काय? बियाणं तर खाऊन बसलेत. शून्याची दुप्पट शून्यच." माझ्याकडे उत्तर नव्हतं, लेखकाच्या मजकुरातही नव्हतं.

रिपोर्टात मी लिहिलं: एकही मंत्र बंद करू नका, तांडा शेवटपर्यंत सोबत चालवा. चौथ्या पातळीला ड्रुइड सगळ्यांना अन्नपाणी पुरवू शकते, पण सातातला एकच स्लॉट तिच्या हातात उरतो. ओढाताण तिथवर टिकते. पाचवीला मात्र गोष्ट संपवा. तिथे क्लेरिकला, म्हणजे पुजारी पात्राला, अन्नपाण्याचा मोठा मंत्र मिळतो, एका स्लॉटात पंधरा माणसांचा, आणि मग भूक नावालाच उरते. शिवाय प्लांट ग्रोथच्या आधी बियाणं मिळवण्याची एक मोहीम घाला.

बियाणं त्यांना पटलं. तांडा मात्र सव्वीसावरून बारावर आणा म्हणतात, डीएमला एवढी पात्रं झेपणार नाहीत म्हणून. बारा जणांचं खाणं दोन स्लॉटातच भागतं, हे मी गणित मांडून कळवलंय. ईमेलामेली चालू आहे.